दोन वाक्यांची भूमिका

पांको, पूर्व बर्लिन
रविवार, २३ सप्टेंबर १९७९

प्रिय रोस्विता,

हे पत्र आमच्या वरच्या मजल्यावरच्या नॉइस्लर बाईंच्या गुडघ्याच्या पट्टीत दडून तुझ्याकडे आलंय, त्यामुळे त्याला मलमाचा वास आला तर नाक मुरडू नकोस. बाई एकाहत्तर वर्षांच्या आहेत. दर महिन्याला रिकामी पिशवी घेऊन पलीकडे, तुमच्या पश्चिम बर्लिनला जातात आणि भरलेली घेऊन येतात. पहारेकरी त्यांची पिशवी उलटीपालटी करतात, पण गुडघ्याला हात लावायची कोणाची टाप नाही. त्यांना आधी कॉफी दे, चांगली खरी कॉफी, आणि स्वयंपाकघरात बसव. त्यांच्यासमोर वाचू नकोस. त्या तुझ्या तोंडाकडे टक लावून बघत बसतील, कारण या पत्रातलं सगळं त्यांना गेली अठरा वर्षं माहीत आहे. माहीत नाही ते फक्त तुला. वाचून झालं की ठरव, अकरा ऑक्टोबरला स्टेशनवर यायचं की नाही.

ऑक्टोबरच्या नऊ तारखेला मी पासष्टचा होतोय, म्हणजे पलीकडे जाऊ देण्याइतका म्हातारा. परवानगीचा कागद येऊन पडलाय. खिडकीतल्या पोरसवदा बाईने तो माझ्यापुढे सरकवला, माझ्याकडे नीट बघितलं आणि माझाच आवाज काढून म्हणाली, "दोघंही हजर आहात ना? मग करा सह्या!" मागची अख्खी रांग खो खो हसली. मीही हसलो. हसावंच लागतं. बेकरीत, दवाखान्यात, आईच्या दफनाच्या दिवशी स्मशानाच्या फाटकावरसुद्धा मला हे वाक्य ऐकवलं गेलंय. फाटकावरचा माणूस बिचारा खजील झाला नंतर, पण तोंडातून निघून गेलं होतं.

तुला माझी कारकीर्द तुकड्यातुकड्यांनी ठाऊक आहे, पत्रांतून आणि टीव्हीवरून. एकदा सलग सांगतो. सेहेचाळीस साली कैदेतून परतलो, तेव्हा अंगावर दुसऱ्याचा कोट होता आणि डोक्यात संवाद. मग तू भेटलीस. आपण दोघांनी मिळून अकरा पटकथा लिहिल्या, त्यातल्या नऊ पडद्यावर आल्या. तू गेल्यावर मी एकट्याने चार लिहिल्या. एक आली, दोन फायलीत राहिल्या, आणि एक पूर्ण चित्रित होऊन पासष्ट साली डब्यात गेली ती गेलीच. वरच्या साहेबांचं म्हणणं, नायक फार वेळ खिडकीतून बाहेर बघतो. बाहेर काय आहे, असं त्यांनी मला विचारलं. मी म्हणालो, अंगण. त्यांना पटलं नाही. त्यानंतर मला लिहायला मिळालं ते ट्राममध्ये चढताना घ्यायची काळजी आणि दात घासायची योग्य पद्धत.

पण अभिनय मात्र भरपूर मिळाला. एकतीस चित्रपट, रोस्विता! आणि एकतीसही चित्रपटांत मी टेबलामागे बसलोय. न्यायाधीश, पोस्टमास्तर, मुख्य डॉक्टर, घरवाटप अधिकारी, दोनदा शाळेचा हेडमास्तर. एका दिग्दर्शकाला म्हटलं, अहो, मला पाय आहेत, एकदा तरी चालताना दाखवा. तो म्हणाला, "टोल्क्सडोर्फसाहेब, तुम्ही उभे राहिलात तर लोकांना वाटेल सिनेमा संपला." त्या टेबलामागे मी कसा जाऊन बसलो, आणि मग कधीच का उठू शकलो नाही, ते तुला सांगायचंय.

आपली लिहायची पद्धत आठवते? तू खोलीत येरझाऱ्या घालत गोष्ट रचायचीस, मी टेबलाशी बसून माणसांना बोलतं करायचो, आणि शेवटची प्रत तू टाइप करायचीस. मी हळूच कुठेतरी स्वतःसाठी एखादी लहानशी भूमिका घुसडायचो, स्टेशनवरचा हमाल, लग्नातला काका. तू टाइप करताना ती बरोबर हुडकायचीस आणि उडवायचीस. "तुला लिहिता येतं ना? मग तोंड कशाला दाखवायचंय लोकांना?" असं म्हणून इतकी हसायचीस की मीही हसायचो. मला ते लागायचं. तुला कधी कळू दिलं नाही, पण फार लागायचं. सहा वर्षं कैदेत आणि खंदकात काढलेल्या माणसाला एकदा, फक्त एकदा, भल्यामोठ्या पडद्यावर स्वतःचं धडधाकट तोंड बघायचं होतं. यात हसण्यासारखं काय होतं, ते मला अजून कळलेलं नाही.

'दोघांची एक चावी' ही आपली शेवटची एकत्र पटकथा. लग्न झाल्याशिवाय घर मिळत नाही आणि घर मिळाल्याशिवाय सासरा लग्न लावत नाही, ही तुझीच कल्पना. तू लिहिलेल्या प्रतीत विवाह नोंदणी अधिकारी नुसताच मान डोलावतो. तू प्रत टाइप करून दिलीस, आणि स्टुडिओत जाताना गाडीत मांडीवर कागद ठेवून मी पेन्सिलने दोन वाक्यं वाढवली. दोघंही हजर आहात ना? मग करा सह्या. दिग्दर्शक हारो फिंकला म्हटलं, हे मी करतो. तो म्हणाला, कर.

आता एकसष्टचा ऑगस्ट. आपण ठरवलं होतं, शनिवारी बारा तारखेला, दोघांनी एकेक पिशवी घेऊन पलीकडे जायचं आणि परत यायचं नाही. तुझी पलीकडे श्टेग्लिट्झच्या प्रकाशकाकडची नोकरी सोमवारी सुरू होत होती. गुरुवारी संध्याकाळी फिंकने चित्रीकरणाचं वेळापत्रक हातात ठेवलं. नोंदणी कार्यालयाचा प्रसंग सोमवारी, चौदा तारखेला. मी तो कागद घेऊन घरी गेलो आणि आईच्या स्वयंपाकघरात बसलो. चार दिवसांनी काय बिघडणार आहे, असं मला वाटलं. गाड्या रोज जात होत्या. आई बटाटे सोलत होती. म्हणाली, "मग सांग तिला सरळ, मला सिनेमात दिसायचंय म्हणून." मी म्हणालो, आई, ती हसेल. आईने सुरी खाली ठेवली आणि आतल्या पलंगावर चादर घालायला गेली.

शुक्रवारी तू आईचा निरोप घ्यायला आलीस तेव्हा ती पलंगावर होती. तू सूप आणलं होतंस. आईने उजवा हात छातीवर ठेवला होता आणि ती तोंडाने श्वास घेत होती. तुझ्या चेहऱ्यावरचा रंग उडाला. तू मला बाहेर घेऊन आलीस आणि म्हणालीस, "गेर्विन, तू थांब. आई आधी. बुधवारी ये, नाहीतर पुढच्या बुधवारी ये, पण त्यांना अशा सोडून येऊ नकोस." तू रडलीस. जिन्यात मला मिठी मारलीस आणि म्हणालीस की तू असा आहेस म्हणूनच मला आवडतोस. तू कोपऱ्यावरून वळलीस आणि आई उठून सूप गरम करायला लागली.

आईला काहीही झालेलं नव्हतं, रोस्विता. त्या दिवशीही नाही आणि नंतरही कधी नाही.

रविवारी सकाळी रेडिओ लावला आणि कळलं की सीमा बंद झाली. रस्त्यांवर काटेरी तारा आल्या होत्या. आई दारात उभी राहून नुसतं "अरे देवा, अरे देवा" म्हणत होती. आणि तुला खरं सांगू? सोमवारी मी कामावर गेलो. पश्चिम बर्लिनमधून सरळ जाणारी गाडी बंद झाली होती, शहराला वळसा घालून पोचायला तीन तास लागले. स्टुडिओत निम्मी माणसं नव्हती. कॅमेरामन पलीकडे राहायचा, केशभूषेची बाई पलीकडची, आणि आपली नवरी, म्हणजे ती काम करणारी मुलगी, तीही पलीकडची. फिंकने डोक्याला हात लावला. मग कपडेपटातल्या पन्नाशीच्या कुन्श्केबाईंच्या डोक्यावर जाळीचा पदर घालून, कॅमेऱ्याकडे पाठ करून त्यांना उभं करायचं ठरलं. पण पहिल्या टेकला त्या पदर शोधत होत्या आणि कॅमेरा सुरू झाला. माझ्यासमोर नवरा उभा आणि त्याच्या शेजारी रिकामी खुर्ची. मला वाक्य म्हणायचं होतं. मी त्या खुर्चीकडे बघितलं आणि माझा आवाजच फुटेना. किती वेळ गेला माहीत नाही. मग म्हणालो, "दोघंही हजर आहात ना?" आणि सगळा सेट हसायला लागला. फिंक ओरडला, "हेच! हाच विराम ठेवायचा!" पाठमोऱ्या कुन्श्केबाई नंतर जोडल्या. अभिनयाच्या शाळेत आता तो विराम शिकवतात. चार सेकंद. दर वर्षअखेरीला आमच्या टीव्हीवर तो सिनेमा लागतो आणि तूही पलीकडे बसून बघतेस. त्या भूमिकेचा नट पळून गेला म्हणून मला ऐनवेळी उभं केलं, असं मी तुला लिहिलं होतं. तेही खोटं. तिथे दुसरा नट कधी नव्हताच.

ऑक्टोबरात तुझं पहिलं पार्सल आलं. कॉफी, चॉकलेट, आणि आईच्या हृदयासाठी थेंबांची तपकिरी बाटली. तू तिकडच्या डॉक्टरांना विचारून घेतली होतीस. सोबत चिठ्ठी, दिवसातून तीनदा, जेवणाआधी. त्याच दिवशी मी तुला खरं लिहायला बसलो होतो, शपथेवर सांगतो. पण मी हे लिहून काय होणार होतं? मध्ये भिंत. तू तिकडे एकटी. मी चार दिवस तोंड दाखवायला थांबलो आणि जन्मभराचा अडकलो, हे वाचून तू माझं नाव टाकलं असतंस, आणि मग मला इथे काय उरलं असतं? म्हणून मी लिहिलं, आईला थेंबांनी उतार आहे. मग दुसरी बाटली आली. मग मी लिहिलं, जिना चढताना अजून धाप लागते. मी पडलो पटकथालेखक, रोस्विता. एकदा पात्राला आजार दिला की तो चालू ठेवावा लागतो. हिवाळ्यात दुखणं वाढवायचं, वसंतात उतरवायचं, मधेच एखादी चक्कर. इतकं नेटाने मी दुसरं काही लिहिलेलं नाही. ज्या दिवशी मी तुला लिहिलं की डॉक्टरांनी आईला पलंगावरून उतरायला मनाई केलीय, त्या दिवशी आई बागेत शिडीवर चढून प्लम काढत होती आणि मी खाली टोपली धरून उभा होतो. नॉइस्लर बाई कुंपणापलीकडून म्हणाल्या, "काय हो, आजारी बाई, मला पण चार टाका की!"

आईने त्याची किंमत मोजली, ती मला जास्त खुपते. चौसष्ट साली म्हाताऱ्यांना पलीकडे जायची मुभा मिळाली. आमच्या गल्लीतल्या झाडून साऱ्या बायका टोप्या घालून निघाल्या. पलीकडे मावशी, आईची एकुलती एक बहीण, तुझ्यापासून दोन गल्ल्यांवर, आणि दर रविवारी तुझ्याकडे केक खायला येणारी. आई जाणार कशी? पलंगाला खिळलेली बाई ट्रेनमधून टुणकन उतरली असती तर तू काय म्हणाली असतीस? आई मला म्हणाली, "तुझ्या दोन वाक्यांपायी मी माझ्या बहिणीला बघायचं नाही होय?" तिने तो विषय परत काढला नाही. सत्तर साली मावशी गेली. तू फुलं वाहिलीस, आईच्या नावानेसुद्धा वाहिलीस, आणि मला तसं कळवलंस.

आणि मग त्र्याहत्तर. नियम सैल झाले आणि तू एक दिवसाची परवानगी काढून आलीस. बारा वर्षांनी तुला दारात बघितलं तेव्हा तुझे केस पांढरे झाले होते आणि मला एकदम रडू फुटलं. ते रडू खरं होतं, तेवढं लक्षात ठेव. पण आतल्या खोलीत ब्याऐंशी वर्षांची आई पुन्हा पलंगावर होती. तू तिच्याजवळ बसून नाडी धरलीस आणि मला हळूच म्हणालीस, "किती संथ चाललीय रे!" ती संथ होती कारण ती बागेत राबणाऱ्या बाईची होती. तू तीन तास तिचा हात सोडला नाहीस. तू गेल्यावर आई उठली आणि पहिल्यांदाच तिने मला शिवी दिली. म्हणाली, "नालायका, मी पुन्हा नाही झोपणार. त्या पोरीच्या डोळ्यांत बघवत नाही मला." म्हणून मी तुला लिहिलं की भेटीचा ताण आईच्या हृदयाला सोसत नाही, परत येऊ नकोस. तुला भेटायची सोय होती, आणि सहा वर्षं मी ती स्वतःच्या हाताने बंद ठेवली. इथे सगळे सरकारच्या भिंतीला बोल लावतात. मी कोणत्या तोंडाने लावू?

जानेवारीत आई गेली तेव्हा तुला कळवलं, हृदय थांबलं. फुप्फुसं थांबली होती, त्या थंडीने. डॉक्टर छातीला नळी लावून म्हणाले, "काय हृदय आहे हो बाईंचं, अजून वीस वर्षं चाललं असतं." ते खोलीबाहेर गेल्यावर आईने मला जवळ बोलावलं. म्हणाली, "त्या चार दिवसांचा लोभ मलाही होता, गेर्विन. मला वाटलं, चार दिवस जास्त राहील पोरगा. म्हणून झोपले मी. सगळं तुझ्या एकट्याच्या माथी मारून घेऊ नकोस." मग म्हणाली, कपाट उघड. कपाटात तू पाठवलेल्या बाटल्या होत्या, एकशे चौदा, सगळ्या सीलबंद. एकही टाकून द्यायचा धीर आम्हाला झाला नव्हता. तिने सगळ्यात जुनी मागितली, एकसष्टची. म्हणाली, "दे चमचाभर. अठरा वर्षं पाठवतेय बिचारी. निदान एक तरी घेतली असं होईल." मी नको म्हणालो, ती ऐकेना. कडू जहर होतं. तोंड वाकडं केलं आणि म्हणाली, "सांग तिला, घेतलं म्हणून." तेव्हा सांगतोय, रोस्विता. आईने तुझं औषध घेतलं. एकदा, एक चमचा, मंगळवारी दुपारी. बुधवारी ती गेली.

आता हे आजच का लिहिलं ते सांगतो. ऑगस्टमधल्या पत्रात तू लिहिलंस की मागची खोली रंगवून घेतलीस आणि मी आता कायमचंच यावं. ते वाचून मी खोलीभर फिरलो, पासष्टीच्या पायांनी. आणि मग शेवटच्या पानावर तू ओव्हरबेकबद्दल लिहिलंस, इतक्या वर्षांत पहिल्यांदाच. कोणी इंजिनियर. चौसष्ट साली त्याने तुला मागणी घातली, चांगला माणूस होता, तुला आवडलाही होता, आणि तू नाही म्हणालीस. का, तेही लिहिलंस. "ज्याने आईसाठी स्वतःचं आयुष्य बाजूला ठेवलं, त्याची वाट मी नाही बघायची तर कोणी बघायची?" मी ते वाक्य वाचलं आणि परवानगीचा कागद पुन्हा खणात टाकला. माझं आयुष्य मी माझ्या हौसेपायी घालवलं, ते माझं मला भोवलं. आईचं आणि तुझं मात्र मी फुकट घेतलं. ते कबूल केल्याशिवाय तू रंगवलेल्या खोलीत पाऊल टाकणं मला जमणार नाही, आणि तुझ्यासमोर तोंडाने सांगायला गेलो तर मी काहीतरी चांगलं रचून सांगेन, मला माझी खोड ठाऊक आहे. म्हणून कागदावर. अकरा तारखेला, गुरुवारी, सकाळी दहा वीसच्या गाडीने मी तुमच्याकडच्या झू स्टेशनवर उतरेन. पिशवीत आईचा फोटो असेल आणि ती एक फोडलेली बाटली. फलाटावर मागच्या जिन्याशी बाक आहे, तिथे बसेन. तू आली नाहीस तर चारच्या गाडीने परत जाईन आणि तुला पुन्हा पत्र घालून त्रास देणार नाही. आलीस आणि थोबाडीत मारलीस तरी चालेल. फक्त आलीस तर समोरून ये, मला लांबूनच दिसशील अशी. अठरा वर्षं मी त्या रिकाम्या खुर्चीकडे बघून तोच प्रश्न विचारतोय.

तुझाच म्हणायचं की नाही ते तू ठरवेपर्यंत नुसताच,
गेर्विन